चुकीच्या उत्तराची कारागिरी

'खालील उतारा वाचा आणि त्याखालील प्रश्नांची उत्तरे लिहा.' मराठी शाळेत शिकलेल्या कोणालाही ही सूचना तोंडपाठ असेल. प्रश्नातला एखादा ठळक शब्द हेरायचा, तो उताऱ्यात कुठे आला आहे ते शोधायचे आणि तिथले वाक्य उचलून उत्तरपत्रिकेत ठेवायचे. उतारा पुरता कळला नाही तरी गुण पदरात पडत. ग्योथे-इन्स्टिट्यूटच्या बी-१ पातळीच्या जर्मन परीक्षेतला वाचनाचा पेपर, ज्याला विद्यार्थी 'लेझन' म्हणतात, नेमक्या याच सवयीला पुरून उरतो. मजकुरातला शब्द पर्यायात जसाच्या तसा भेटला, तर बहुधा तो पर्याय चुकीचा असतो. बरोबर पर्याय तीच गोष्ट निराळ्या शब्दांत सांगत शेजारी उभा असतो आणि घाईतल्या वाचकाची नजर त्याच्यावरून घसरून पुढे जाते.

रायपुरात जर्मन शिकणाऱ्या बहुतेकांना हा पेपर म्हणजे वाटेतला टोलनाका वाटतो. कोणाला जर्मनीत आउसबिल्डुंगला, म्हणजे पगारी व्यवसाय-प्रशिक्षणाला जायचे असते, कोणी नर्सिंग करून पुढच्या बी-२ची तयारी करत असते. शहरात मॅक्सम्युलर भवन, म्हणजे ग्योथे-इन्स्टिट्यूटचे भारतातले केंद्र, नाही. त्यामुळे परीक्षेसाठी पुणे, मुंबई किंवा कोलकात्याची गाडी धरावी लागते आणि एवढा खर्च करून गेल्यावर नापास होणे परवडत नाही. ही निकड मला कळते. तरीही मी शिकवायला बसते तेव्हा माझा आग्रह असतो की हा पेपर आधी एक रचना म्हणून पाहावा. ६५ मिनिटे, पाच भाग, ३० प्रश्न, १०० पैकी ६० गुणांना उत्तीर्ण, चुकीला वजा गुण नाहीत, शब्दकोश जवळ ठेवायचा नाही. जर्मनीतली ग्योथे-इन्स्टिट्यूट, ऑस्ट्रियातली ओएसडी ही परीक्षा-संस्था आणि स्वित्झर्लंडचे फ्रिबूर विद्यापीठ यांनी मिळून ही परीक्षा घडवली आणि २०१३ पासून ती या रूपात घेतली जाते. तिन्ही देशांच्या या भागीदारीची खूण तिच्या शब्दसूचीतही दिसते. सुमारे २४०० शब्दांच्या त्या यादीत सायकलीसाठी जर्मनीतल्या 'फारराट'च्या जोडीला स्वित्झर्लंडची 'वेलो' आहे आणि जानेवारीसाठी 'यानुआर'शेजारी ऑस्ट्रियाचा 'येनर'. जर्मन ही तीन घरांत नांदणारी भाषा आहे, हे यादी एकाही वाक्याच्या उपदेशाशिवाय सांगून जाते.

पहिला भाग दहा मिनिटांचा. कोणीतरी आपल्या प्रवासाविषयी, नव्या घराविषयी किंवा फसलेल्या सहलीविषयी मोकळेपणाने लिहिलेले असते. खाली सहा विधाने, प्रत्येकापुढे 'रिश्टिश' किंवा 'फाल्श', बरोबर की चूक. सगळ्यांत सोपा वाटणारा आणि म्हणूनच सगळ्यांत जास्त जणांना गाफील पकडणारा हा भाग. त्याची धाटणी कळावी म्हणून मी स्वतः रचलेला एक नमुना देते. लेखिका लिहिते: 'इश हेटं देन त्सूक फास्ट फेरपास्ट.' विधान येते: तिची गाडी चुकली. 'त्सूक' म्हणजे गाडी ओळखीची, 'फेरपास्ट' म्हणजे चुकली हेही पाठ केलेले. उत्तर 'रिश्टिश' ठोकून विद्यार्थी पुढे जातो. पण 'हेटं' आणि 'फास्ट' या दोन छोट्या शब्दांनी सगळे फिरवले आहे. गाडी चुकलीच असती, म्हणजे चुकली नाही. मराठीत आपण 'चुकली असती' म्हणतो तेव्हा ऐकणाऱ्याला क्षणभरही शंका येत नाही. जर्मनमध्येही तसेच ऐकू यावे एवढीच पेपर काढणाऱ्याची अपेक्षा असते. आणखी एक बघा. 'आयगेंटलिश' या शब्दाने वाक्य सुरू झाले, की जाणकार वाचक पुढच्या 'आबर'ची, म्हणजे 'पण'ची वाट पाहू लागतो. 'खरे तर आम्ही मोटारीने जाणार होतो…' एवढ्यावरच त्याला कळते की ते मोटारीने गेलेले नाहीत. सहा विधानांत दोन-तीनदा असे वळण येते आणि प्रत्येक वेळी ते वाक्यातल्या सगळ्यांत हलक्या शब्दावर टेकलेले असते. जड नामे पाठ करून आलेल्याला इथे काहीच उपयोग होत नाही. किरकोळ शब्दांवर प्रेम करणाऱ्याला सगळे मिळते. दहा मिनिटांत इतके बारीक माप घेणारी रचना मी दुसरीकडे क्वचितच पाहिली आहे.

दुसऱ्या भागाला सर्वाधिक वेळ, २० मिनिटे. वर्तमानपत्रांतून घेतल्यासारखे दोन मजकूर, प्रत्येकी तीन प्रश्न, प्रत्येक प्रश्नाला तीन पर्याय. त्यातला एक प्रश्न बहुधा सबंध मजकुराचा गाभा विचारतो: हा मजकूर कशाविषयी आहे? खरी कारागिरी पाहायची तर या प्रश्नाचे चुकलेले पर्याय पाहावेत. समजा बातमी अशी: एका गावातल्या वाचनालयाने आता शिवणयंत्रे, ड्रिल मशीन, तंबूही घरी न्यायला देणे सुरू केले आहे. ग्रंथपाल सांगतात की पूर्वी त्यांना भीती होती, लोक वाचायचेच सोडतील की काय. पण तंबू न्यायला आलेले जाताना पुस्तकही नेतात. आता पर्याय. गावात नवे वाचनालय उघडले आहे. लोकांचे वाचन कमी झाले आहे. वाचनालय पुस्तकांखेरीज इतर वस्तूही देते. दुसरा पर्याय किती विचारपूर्वक ठेवला आहे पाहा. तो जगात सगळीकडे बोलला जातो, वाचकाच्या स्वतःच्या मताशीही जुळतो आणि मजकुरात त्याचा उल्लेख खरोखरच आहे. फक्त तो एका माणसाची जुनी भीती म्हणून आहे, बातमी म्हणून नाही. कोण म्हणाले, कधी म्हणाले आणि नंतर काय झाले, या तीन धाग्यांनी तो पर्याय नाकारावा लागतो. ज्याने तो रचला त्याला वाचकाच्या मनातले पूर्वग्रह कुठे दबा धरून बसतात ते चांगले ठाऊक असणार.

वृत्तपत्री जर्मनची वाक्ये लांब असतात. अनेक हिंदी आणि इंग्रजी माध्यमातले विद्यार्थी इथे धापा टाकतात. पण ज्यांच्या घरी मराठी बोलली जाते त्यांच्या हाती एक जुनी शिदोरी असते आणि बहुतेकांना तिचा पत्ताही नसतो. नागपूरच्या भोसल्यांच्या काळापासून रायपुरात मराठी कुटुंबे आहेत. तात्यापाऱ्यासारखी वस्ती आहे, चौबे कॉलनीत महाराष्ट्र मंडळ आहे. या घरांतली मुले बाहेर दिवसभर हिंदी बोलतात आणि घरात तो-ती-तेच्या जगात राहतात. हिंदीत 'वह' एकच. लिंग क्रियापदावरून कळते आणि नपुंसकलिंग तर नाहीच. जर्मनमध्ये तिन्ही लिंगे आहेत आणि निर्जीव वस्तूंनाही 'एर', 'झी', 'एस' लागते. एका मजकुरात पिशवी (ताशं, स्त्रीलिंगी) आणि ट्रंक (कोफर, पुल्लिंगी) शेजारी ठेवल्या आहेत आणि पुढचे वाक्य आहे: 'एर वार ऑफन, झी निश्ट', तो उघडा होता, ती नव्हती. इंग्रजीच्या सवयीने वाचणारा तिथे एखादा पुरुष आणि एखादी बाई शोधत बसतो. मराठी कान पिशवीला 'ती' म्हणतच वाढलेला असतो. जर्मन लिंगे मराठीशी जुळतात असे नाही, ती वेगळी शिकावीच लागतात. पण वस्तूंच्या मागे सर्वनामाचा धागा धरून चालण्याची सवय घरातूनच मिळालेली असते.

क्रियापदाचेही तसेच. गौण वाक्यात जर्मन क्रियापद शेवटी जाते, जिथे मराठीत ते नेहमीच असते. शिवाय काही क्रियापदांचा एक तुकडा मुख्य वाक्यातही तुटून शेवटी पडतो. 'दी फिर्मा श्टेल्ट इम नेक्स्टन यार त्स्वान्त्सिश नॉयं मिटआर्बायटर…' इथपर्यंत वाचून कंपनी पुढच्या वर्षी वीस नव्या कर्मचाऱ्यांचे काय करणार ते कळतच नाही. शेवटी 'आइन' आला तर ती त्यांना नोकरीवर घेणार. 'फोर' आला तर फक्त त्यांची ओळख करून देणार. दोन्ही शक्य, दोन्ही शहाण्यासारखे, आणि निकाल पूर्णविरामाच्या आधीच्या एका अक्षरगुच्छावर. मराठी वाचक वाक्य संपेपर्यंत मत राखून ठेवायला लहानपणापासून शिकलेला असतो. पेपर काढणारे अशा वाक्याचे शेपूट पुढच्या ओळीवर जाईल अशी मांडणी मुद्दाम करत असतील की नसतील, पण ते तसे गेले की मला फार आनंद होतो.

याच संदर्भात टिळकांची आठवण येणे अपरिहार्य आहे. १९०८ ते १९१४ या मंडालेच्या कारावासात त्यांनी पुस्तकांच्या आधाराने जर्मन आणि फ्रेंचचा अभ्यास केला. बोलायला कोणी नाही, ऐकायला काही नाही. भाषेची चारपैकी एकच वाट मोकळी, वाचनाची. तिथेच 'गीतारहस्य' लिहून झाले, ज्यात कांटसारख्या जर्मन तत्त्ववेत्त्यांशी झालेला संवाद पानोपानी दिसतो. आणि त्या ग्रंथाचे हिंदी भाषांतर केले माधवराव सप्र्यांनी, ज्यांनी १९०० साली पेंड्र्याहून 'छत्तीसगढ मित्र' हे मासिक सुरू केले आणि ज्यांच्या नावाची शाळा आज रायपुरात आहे. दासबोधही त्यांनी हिंदीत नेला. परक्या भाषेतले एक वाक्य कोणाच्या तोंडचे, कोणत्या युक्तिवादाचा कोणता टप्पा, याची खात्री करून मगच पुढचे पाऊल टाकण्याची शिस्त या दोघांच्याही कामात होती. जर्मन बोलणारी माणसे आसपास नसलेल्या शहरात बसून तयारी करणाऱ्याने वाचन, ऐकणे, लिहिणे आणि बोलणे या परीक्षेच्या चारही मॉड्यूलमध्ये 'लेझन'वर सर्वांत आधी हक्क सांगावा तो यासाठीच. बोलण्याला समोर माणूस लागतो. वाचनाला मजकूर पुरतो, आणि नमुना पेपर ग्योथे-इन्स्टिट्यूट सर्वांसाठी मोफत देते.

तिसरा भाग भरभर उरकण्याचाच आहे. सात माणसांच्या सात गरजा आणि दहा छोट्या जाहिराती, जुळवा. एक जाहिरात तर उदाहरणातच खर्ची पडलेली असते. त्यातली एकच गोष्ट थांबून पाहण्याजोगी: एका माणसासाठी कोणतीच जाहिरात नसते आणि तिथे शून्य लिहायचे असते. एका आजीला पोहायला शिकायचे आहे. 'नवशिक्यांसाठी पोहण्याचा वर्ग' अशी ठसठशीत जाहिरात समोर आहे. बारीक अक्षरांत, वय ४ ते ६. दुसरीकडे ज्येष्ठांसाठी पाण्यातले व्यायाम आहेत, पण पोहणे नाही. दोन अर्धवट जुळणाऱ्या जाहिरातींच्या मध्ये ते शून्य उभे करणे आणि परीक्षार्थ्याला 'तुझ्यासाठी इथे काही नाही' असे म्हणण्याचे धैर्य दाखवायला लावणे, ही फार देखणी कल्पना आहे.

चौथा भाग माझा सर्वांत लाडका. एखाद्या वादाच्या विषयावर सात जणांची लहान मते, आणि प्रत्येकाविषयी एकच प्रश्न: ही व्यक्ती याच्या बाजूची आहे का? 'या' किंवा 'नाइन', हो की नाही. पंधरा मिनिटे. वरवर अगदी ओबडधोबड प्रश्न. पण त्याला लागणारे वाचन सगळ्या पेपरात सर्वांत नाजूक असते. जर्मनीतला फार जुना वाद घेऊ: दुकाने रविवारीही उघडी असावीत का? तिथे रविवारच्या विश्रांतीला राज्यघटनेचेच संरक्षण आहे आणि काही अपवाद सोडले तर दुकाने बंद असतात. आता मी रचलेली तीन मते वाचा.

पहिली बाई रुग्णालयात पाळ्यांमध्ये काम करते. तिला रविवारची शांतता आवडणाऱ्या लोकांचे म्हणणे समजते, तिचे आईवडीलही त्यातलेच. शांत रस्ते, चर्चची घंटा, सगळे ती मायेने लिहिते. मग एक ओळ: पण त्यांना खरेदीला या असे कोण म्हणतेय? उत्तर 'या'. दुसरा माणूस स्वतः दुकानदार. रविवारी उघडले तर गल्ला वाढेल हे तो कबूल करतो. स्टेशनातली दुकाने तर उघडी असतातच, गिऱ्हाईकही रोज विचारते. शेवटी म्हणतो, माझ्या दुकानातल्या बाईला दोन लहान मुले आहेत, काउंटरवर मी कोणाला बसवू? उत्तर 'नाइन', आणि साऱ्या मतात विरोधाचा एक शब्द नाही. तिसरा तरुण विद्यार्थी. पहिल्या वर्षी रविवार त्याला खायला उठायचा, दूध संपले की तो या कायद्याला शिव्या द्यायचा. आता त्याने सायकल घेतली आहे, मित्र जमले आहेत. 'एस कान रुइश झो ब्लायबन', राहू दे की असेच. उत्तर 'नाइन', जरी तीन चतुर्थांश मजकूर तक्रारीचा असला तरी.

यात मला काय भावते? पेपर काढणाऱ्याने माणसांना मते कशी असतात ते पाहिलेले आहे. आपल्यापैकी कोणीही 'मी याच्या विरोधात आहे' असे म्हणून बोलायला सुरुवात करत नाही. आपण समोरच्याचे मान्य करतो, आपला फायदा कबूल करतो, जुनी चीड आठवतो आणि मग हळूच कुठेतरी वळतो. जर्मनमध्ये त्या वळणाला 'त्स्वार… आबर' असा जोडीचा खांब आहे: 'त्स्वार'नंतर मान्य केलेले, 'आबर'नंतर खरे मत. 'त्स्वार' दिसला की कसलेला वाचक त्यानंतरचा मजकूर मनातल्या मनात कंसात टाकतो आणि 'आबर'च्या पलीकडे पेन्सिल टेकवतो. पण दुकानदाराच्या मतात असा खांबही नाही. तिथे एक प्रश्नचिन्ह आहे आणि दोन मुलांची आई आहे. बाकीचे वाचकाने समजून घ्यायचे. बी-१ पातळीच्या मोजक्या शब्दांत, एकही अवघड नाम न वापरता, एवढा संकोच आणि एवढी माया बसवणे सोपे नाही. नमुना पेपर सोडवताना माझे विद्यार्थी या भागात थांबून हसतात, कधी एखाद्या मतावर वाद घालू लागतात. परीक्षेच्या उताऱ्यावर कोणी वाद घालावा, याहून मोठी दाद पेपर काढणाऱ्याला कोणती हवी?

पाचवा भाग पुन्हा कोरडा: नियमावली. इमारतीची 'हाउसओर्डनुंग', एखाद्या संस्थेचे नियम, एखाद्या यंत्राच्या वापराच्या सूचना. चार प्रश्न, दहा मिनिटे, आणि तोवर वाचक दमलेला. इथे सगळी मदार क्रियापदांच्या सहायकांवर आणि अपवादांवर. 'म्युसन निश्ट' म्हणजे करण्याची गरज नाही. 'ड्युर्फन निश्ट' म्हणजे करताच कामा नये. जिन्याखाली काहीही ठेवू नये, 'आउसगेनॉमन किंडरवागन', बाबागाड्या वगळून. मग पर्याय: जिन्याखाली काही ठेवायला मनाई आहे; बाबागाडी ठेवता येते; सायकल ठेवायला परवानगी लागते. पहिला पर्याय नियमाच्या पहिल्या अर्ध्या भागाचा शब्दशः उतारा आहे आणि तेवढ्यामुळेच खोटा आहे. रायपुरातल्या कुठल्याही कॉलनीच्या सूचनाफलकावर असेच अपवाद लोंबकळत असतात आणि भांडणे नेहमी त्या अपवादांवरूनच होतात. म्हणून हा भाग शिकवताना मी फलकाचे फोटो आणायला सांगते. दमलेल्या वाचकापुढे शेवटी इतका रुक्ष मजकूर ठेवायचा आणि त्यात एकच कलम असे लपवायचे, यामागे बरीच समजूत आहे: परदेशात गेल्यावर घरमालकाचा कागद माणूस दिवसभराच्या श्रमानंतरच वाचतो.

तयारीचे म्हणाल तर नुसते पेपर सोडवत राहण्यावर माझा विश्वास नाही. एक पेपर सोडवला, की त्याचा प्रत्येक चुकीचा पर्याय पुन्हा उघडायचा आणि विचारायचे: हा कशापासून बनवला आहे? मजकुरातल्या शब्दापासून, की वाचकाच्या मतापासून? दुसऱ्याच माणसाच्या तोंडून उचललेला, की काळ बदललेला, की अपवाद गाळलेला? चार-पाच पेपरांत साचे ओळखीचे होतात. मग मी विद्यार्थ्यांना स्वतःच मजकूर लिहायला लावते आणि त्याखाली चुकीची विधाने रचायला सांगते. बरोबर विधान कोणालाही जमते. चुकीचे, तरीही मोहात पाडणारे विधान रचताना भाषेची खरी परीक्षा होते.

एका विद्यार्थिनीने रायपूरहून पुण्याला आझाद हिंद एक्स्प्रेसने परीक्षेला जाण्याविषयी साध्या जर्मनमध्ये दहा ओळी लिहिल्या. डब्यातली गर्दी, शेजारच्या काकूंचा डबा, खिडकीतून दिसणारी शेते. त्यात एक ओळ होती: नागपूरपर्यंत मॉडेल पेपर माझ्या मांडीवर होता. आणि खाली विधान: तिने नागपूरपर्यंत मॉडेल पेपर सोडवला. वर्गातल्या जवळपास सगळ्यांनी 'रिश्टिश' लिहिले. नागपूर खरे, पेपर खरा, 'पर्यंत'ही खरे. फक्त 'होता'च्या जागी 'सोडवला' आणून बसवले होते, आणि मधली पोकळी प्रत्येक वाचकाने आपल्या चांगुलपणाने भरून काढली होती. पहिल्या भागाच्या अस्सल पेपरात ते विधान ठेवले असते तर वेगळे ओळखू आले नसते.